तारामतीपासून जोधाबाईपर्यंत : श्रीमती दुर्गाबाई खोटे यांच्या कारकीर्दीचा अभ्यास

राजे, सेनापती, संत व शास्त्रज्ञ यांची चरित्रे आपले विद्यार्थी पाठ्यपुस्तकांतून वाचतात. परंतु नटनटींचे चरित्र हाही अभ्यासाचा विषय होऊ शकतो, असे सहसा कोणास वाटत नाही. नाटक व चित्रपट ही घटकाभर मनोरंजनाची साधने, त्यांत शिकण्यासारखे ते काय, असा सर्वसाधारण समज आहे. हा समज आम्हांस बरोबर वाटत नाही. अभिनय हा एक व्यवसाय आहे. त्यास श्रम लागतात, शिस्त लागते, आणि आपल्या समाजात तो स्त्रीने पत्करावयाचा झाल्यास धैर्यही लागते. या तिन्ही गोष्टी जिच्या ठायी होत्या, अशा एका मराठी नटीच्या कारकीर्दीचा विचार प्रस्तुत लेखात करावयाचा आहे.

हा विषय निवडण्यास आणखी एक कारण आहे. शाळांतून स्नेहसंमेलनाची तयारी सुरू झाली, की नाटकासाठी मुली मोठ्या हौसेने नावे देतात. आणि संमेलन आठ दिवसांवर आले, म्हणजे त्यांतील एखाददुसरे नाव घरच्यांच्या सांगण्यावरून मुकाट्याने मागे घेतले जाते. "चांगल्या घरच्या मुलीने तोंडाला रंग लावावयाचा काय?" हा प्रश्न आजही पुरता मावळलेला नाही. त्यास रागावून उत्तर देण्यापेक्षा इतिहास काय सांगतो, ते पाहणे अधिक श्रेयस्कर होय.

प्रथम पूर्वपीठिका पाहू. विष्णुदास भावे यांनी सांगली येथे १८४३ साली 'सीतास्वयंवर' हे नाटक केले, तेव्हापासून मराठी रंगभूमीचा आरंभ मानितात. त्यानंतर सुमारे पाऊणशे वर्षे प्रमुख नाटकमंडळ्यांतून सीता, द्रौपदी, शकुंतला यांच्या भूमिका पुरुषच करीत. बालगंधर्वांसारख्या नटाने ही कला इतक्या थोर पदवीस नेली, की त्यांच्या नेसण्याचे व चालण्याचे अनुकरण खुद्द स्त्रिया करीत. आपल्या झरी जामणीच्या परिसरातील विद्यार्थ्यांस हे नवल वाटू नये. दिवाळीच्या सुमारास इकडच्या पाड्यांतून दंडार रंगते, तीतही स्त्रीवेष घेऊन नाचणारे पुरुषच असतात.

ही रीत केवळ आपल्याकडचीच होती असेही नव्हे. इंग्लंडात शेक्सपिअरच्या काळी स्त्रीभूमिका पोरसवदा मुलगे करीत; १६६० नंतर तेथील रंगभूमीवर स्त्रिया उघडपणे वावरू लागल्या. हॉलंड देशात आम्स्टरडॅमच्या नाट्यगृहात आरियाना नोझेमान ही नटी १६५५ साली प्रथम रंगमंचावर आली. तात्पर्य, स्त्रीने रंगभूमीवर येणे ही गोष्ट कोणत्याही देशात आपोआप घडलेली नाही. प्रत्येक ठिकाणी कोणास तरी पहिले पाऊल टाकावे लागले, आणि पहिले पाऊल टाकणाऱ्यास बोल ऐकावे लागले.

चित्रपटाची कथा हीच. दादासाहेब फाळके यांचा 'राजा हरिश्चंद्र' १९१३ साली मुंबईत दाखविण्यात आला. त्यातील तारामतीच्या भूमिकेसाठी फाळक्यांनी पुष्कळ शोध करूनही एकही स्त्री मिळेना. अखेरीस एका उपाहारगृहात काम करणाऱ्या अण्णा साळुंके नामक तरुणास त्यांनी तारामती केले. त्याच वर्षी 'मोहिनी भस्मासुर' या चित्रपटात दुर्गाबाई कामत व त्यांची कन्या कमलाबाई या दोघींनी कामे केली व भारतीय चित्रपटातील आद्य अभिनेत्रींचा मान मिळविला. या मायलेकींची नावे विद्यार्थ्यांनी अवश्य ध्यानात ठेवावी. पुढे त्यांचा उल्लेख पुन्हा येणार आहे.

आता आपल्या मुख्य विषयाकडे वळू. दुर्गाबाई खोटे यांचा जन्म १४ जानेवारी १९०५ रोजी मुंबईत लाड यांच्या घरी झाला. कॅथीड्रल हायस्कूल व पुढे सेंट झेवियर्स कॉलेज येथे त्यांचे शिक्षण झाले. त्या काळी मुलीने कॉलेजची पायरी चढणे हीच अपूर्वाईची गोष्ट होती. तरुण वयात त्यांचा विवाह खोटे या संपन्न घराण्यात झाला व त्यांस बकुल आणि हरिन असे दोन पुत्र झाले. परंतु संपत्ती चंचल असते. सासरचे वैभव ओसरले, आणि तरुणपणीच त्यांस वैधव्यही आले. दोन मुलांचे पालनपोषण आपल्या कमाईवर करावे, असा त्यांनी निश्चय केला. आरंभी त्यांनी शिकवण्या केल्या. चित्रपटसृष्टीत त्या आल्या, त्या कीर्तीच्या ओढीने नव्हे. घर चालविण्याची निकड त्यांस तेथे घेऊन आली.

१९३१ साली मोहन भवनानी यांच्या 'फरेबी जाल' या चित्रपटात त्यांनी एक छोटी भूमिका केली. तो चित्रपट लोकांस रुचला नाही. शिवाय सुशिक्षित व प्रतिष्ठित घराण्यातील सून पडद्यावर दिसली, म्हणून चोहोकडून टीकेचा भडिमार झाला. दुसरी एखादी स्त्री तेथूनच परत फिरली असती, आणि तिला कोणी दोषही दिला नसता. परंतु याच वेळी कोल्हापूरच्या प्रभात फिल्म कंपनीकडून त्यांस बोलावणे आले. व्ही. शांताराम हे 'अयोध्येचा राजा' हा बोलपट काढीत होते व त्यांस तारामती हवी होती.

भारतातील पहिला बोलपट 'आलमआरा' मार्च १९३१ मध्ये प्रकाशित झाला होता. त्यामागून एका वर्षाच्या आत, म्हणजे १९३२ च्या आरंभी, 'अयोध्येचा राजा' मराठी व हिंदी अशा दोन्ही भाषांत तयार झाला. मराठीतील आद्य बोलपटांत त्याची गणना होते. गोविंदराव टेंबे हरिश्चंद्र झाले व दुर्गाबाई तारामती झाल्या. त्या वेळी पार्श्वगायनाची सोय नव्हती. जो नट पडद्यावर गाई, त्यानेच चित्रण चालू असताना गावयाचे, आणि दोन भाषांचा चित्रपट म्हणजे प्रत्येक प्रसंग दोनदा वठवावयाचा. दुर्गाबाईंनी ही कसोटी उत्तम रीतीने पार केली. १९१३ साली ज्या तारामतीसाठी स्त्री मिळेना, तीच तारामती अवघ्या १९ वर्षांनी एका कॉलेजात शिकलेल्या स्त्रीने उभी केली. मराठी समाजाच्या इतिहासातील एवढे मोठे अंतर दोन चित्रपटांच्या द्वारे मोजता येते, ही गोष्ट चिंतनीय आहे.

एकदा यश आल्यावर दुर्गाबाईंनी एकाच साच्याच्या भूमिका करीत राहण्याचे नाकारले. 'माया मच्छिंद्र' (१९३२) या चित्रपटात त्या स्त्रीराज्याची राणी झाल्या. 'अमरज्योती' (१९३६) मध्ये त्यांनी सौदामिनी ही समुद्रावर सत्ता गाजविणारी, अन्यायाविरुद्ध शस्त्र उचलणारी नायिका रंगविली. हा चित्रपट इटलीतील व्हेनिसच्या चित्रपट-महोत्सवात दाखविला गेला. कलकत्त्यास जाऊन देवकी बोस यांच्या दिग्दर्शनाखाली त्यांनी 'राजरानी मीरा' (१९३३) व 'सीता' (१९३४) हे चित्रपट केले.

येथे व्यवसायाची एक बाजू समजून घेतली पाहिजे. त्या काळी नटनटी एकेका कंपनीच्या पगारी नोकर असत. कंपनी सांगेल ते काम करावयाचे व तिच्याच आवारात राबावयाचे, असा करार असे. दुर्गाबाईंनी ही चाकोरी मोडून निरनिराळ्या कंपन्यांत स्वतंत्रपणे कामे केली. असे करणाऱ्या आरंभीच्या कलावंतांत त्यांची गणना होते. पगाराची निश्चिती सोडून स्वातंत्र्य पत्करणे हे दोन मुलांच्या आईस सोपे नव्हते. पण आपली भूमिका आपणच निवडावी, हा अधिकार त्यांस त्यायोगे मिळाला. पुढे 'साथी' या चित्रपटाच्या निमित्ताने त्यांनी निर्मितीच्या क्षेत्रातही पाऊल टाकले.

नटीच्या आयुष्यात एक कठीण वळण येते, ते वयाचे. नायिकेचे वय सरले, की पुष्कळ जणींची कारकीर्द संपते. दुर्गाबाईंनी हे वळण ओलांडले, ते वय लपवून नव्हे, तर त्याचा उपयोग करून. आचार्य अत्रे यांच्या 'पायाची दासी' (१९४१) मध्ये त्यांनी छळ करणारी सासू वठविली, तेव्हा त्यांचे वय अवघे ३६ वर्षांचे होते. पुढल्याच वर्षी विजय भट्ट यांच्या 'भरत मिलाप' मध्ये त्या कैकेयी झाल्या. या दोन्ही भूमिकांस बंगालच्या चित्रपट-पत्रकार संघाने पुरस्कार दिले. प्रेक्षकांचा रोष ओढवून घेणारे पात्र करण्यास नटी सहसा कचरते. सतीसाध्वी तारामती म्हणून गाजलेल्या नटीने तर अधिकच कचरावे. परंतु सज्जन पात्राचे सौजन्य व दुर्जन पात्राचे दौर्जन्य ही दोन्ही सारख्याच प्रामाणिकपणे दाखविणे हा नटाचा धर्म आहे, हे त्यांनी कृतीने सिद्ध केले. 'मोगल-ए-आझम' (१९६०) मधील त्यांची जोधाबाई पती आणि पुत्र यांच्यामध्ये होरपळणारी माता आहे. त्यात अकबर झालेले पृथ्वीराज कपूर हे 'राजरानी मीरा' मध्येही त्यांच्यासमवेत होते. 'बॉबी' (१९७३) मधील मिसेस ब्रगान्झा ही त्यांची ख्रिस्ती वृद्धा अनेकांच्या स्मरणात आहे, आणि 'बिदाई' (१९७४) या चित्रपटातील भूमिकेबद्दल त्यांस फिल्मफेअर पारितोषिक मिळाले. सुमारे ५० वर्षांत त्यांनी २०० च्या आसपास चित्रपटांत कामे केली.

चित्रपटात एवढे यश मिळाल्यावरही त्या रंगभूमीकडे वळल्या, ही गोष्ट विशेष होय. पडद्यावर चूक झाली तर पुन्हा चित्रण करता येते; रंगभूमीवर प्रेक्षक समोर बसलेला असतो व सुटलेले वाक्य परत येत नाही. मुंबई मराठी साहित्य संघाच्या नाट्यचळवळीत त्यांनी हिरिरीने भाग घेतला. खाडिलकरांच्या 'भाऊबंदकी' मधील आनंदीबाई त्यांनी केली. या नाटकास १९५४ साली दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्यमहोत्सवात पहिले पारितोषिक मिळाले. वि. वा. शिरवाडकरांनी शेक्सपिअरच्या 'मॅक्बेथ' वरून रचलेल्या 'राजमुकुट' मध्ये त्या राणी झाल्या. मूळ नाटकात ही भूमिका इंग्लंडात प्रथम एका मुलाने केली असली पाहिजे, हे मागील विवेचनावरून विद्यार्थ्यांच्या ध्यानी येईल. १९५८ साली त्यांस संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला, आणि १९६१ साली दिल्लीस भरलेल्या मराठी नाट्यसंमेलनाचे अध्यक्षपद त्यांस देण्यात आले.

पुढे १९६८ साली पद्मश्री व १९८३ सालचे दादासाहेब फाळके पारितोषिक असे सन्मान त्यांस लाभले. ज्या फाळक्यांस तारामतीसाठी स्त्री मिळाली नव्हती, त्यांच्याच नावाचे पारितोषिक तारामती झालेल्या स्त्रीस मिळाले. 'मी दुर्गा खोटे' हे त्यांचे आत्मचरित्र १९८२ साली प्रसिद्ध झाले. लघुपट व जाहिरातपट यांच्या निर्मितीतही त्यांनी पुष्कळ काम केले. दूरदर्शनवर १९८८ साली लोकप्रिय झालेली 'वागळे की दुनिया' ही मालिका त्यांच्याच संस्थेची होती. २२ सप्टेंबर १९९१ रोजी त्यांचे निधन झाले.

या चरित्रावरून बहुधा असा निष्कर्ष काढितात, की कुलीन व सुशिक्षित स्त्री चित्रपटात आली, म्हणून या व्यवसायास प्रतिष्ठा मिळाली. यात सत्याचा अंश आहे. परंतु तेवढ्यावर थांबणे न्यायाचे होणार नाही. प्रतिष्ठा जर कुळावरून येत असेल, तर दुर्गाबाई कामत व कमलाबाई यांनी त्यापूर्वी १९ वर्षे सोसलेल्या निंदेचे मोल काय? १९२९ साली स्वतःची नाटकमंडळी काढून रंगभूमीवर उभ्या राहिलेल्या हिराबाई बडोदेकर, १९३३ साली 'आंधळ्यांची शाळा' मध्ये भूमिका करणाऱ्या ज्योत्स्नाबाई भोळे, यांचे श्रम कोणत्या खाती जमा धरावयाचे? वाट एकीने पाडली नाही. अनेकींच्या पायांनी ती मळली. दुर्गाबाई खोटे यांचे मोठेपण त्यांच्या आडनावात नसून, पहिल्याच पावलाला निंदा पदरी आली असता दुसरे पाऊल अधिक चांगले टाकण्यात, आणि पुढे ५० वर्षे ते तसेच टाकीत राहण्यात आहे. कामास प्रतिष्ठा येते ती काम नेटके केल्याने. हा नियम नटीस लागू आहे, परिचारिकेस लागू आहे, शिक्षकास व शेतकऱ्यासही लागू आहे.

म्हणून आमच्या पालकबंधुभगिनींस विनंती एवढीच, की मुलीने संमेलनाच्या नाटकात नाव दिले असता तिला प्रथम विचारावे, "पाठांतर झाले काय? शब्दोच्चार स्पष्ट आहेत काय? सोबत्यांचे संवाद तू लक्षपूर्वक ऐकतेस काय?" हे प्रश्न अभ्यासाचे आहेत, आणि त्यांची उत्तरे तिला आयुष्यभर उपयोगी पडतील. "लोक काय म्हणतील?" हा प्रश्न १९३१ सालीही विचारला गेला होता, त्याचे उत्तर दुर्गाबाईंच्या कामाने दिले आहे.

अभ्यासासाठी प्रश्न

१. १९१३ व १९३२ या दोन सालांतील तारामतींची तुलना करून, मधल्या काळात समाजात कोणता बदल झाला ते लिहा.

२. पगारी नोकरी व स्वतंत्र काम यांचे नटाच्या दृष्टीने लाभ व तोटे कोणते?

३. चित्रपटातील अभिनय व रंगभूमीवरील अभिनय यांतील भेद उदाहरणे देऊन स्पष्ट करा.

४. आपल्या गावातील एखादी दंडार किंवा नाटक पाहून, त्यात स्त्रीभूमिका कोण करितात व का, याची वडीलधाऱ्यांकडे चौकशी करून दहा ओळींत माहिती लिहा.