फेब्रुवारीतले लग्न आणि फुलांचा जमाखर्च

चि. सौ. कां. भाचीस,


तुझ्या आईने सजावटीचे कोटेशन पाठवले, सोबत तुला आवडलेला फोटोही. स्टेजमागे फिकट गुलाबी डच गुलाबांची सलग भिंत, वरून लोंबणारे ऑर्किड. कार्यालय पुण्यात, तारीख फेब्रुवारीच्या दुसऱ्या आठवड्यातली. आकडा बघून घरात सगळे गप्प झाले, असे ती म्हणाली. आकडा एवढा का झाला ते आधी समजून घे, म्हणजे तो कुठे कमी होतो आणि कुठे करू नये, हे तुझे तुलाच दिसेल.

पुण्याला डच गुलाब मुख्यतः मावळातून येतो. तळेगाव दाभाड्याला एमआयडीसीचे फुलशेतीसाठीचे खास क्षेत्र आहे आणि आसपासच्या गावांतही पॉलिहाऊस उभी आहेत. इथल्या गुलाबाचे सगळे वर्ष १४ फेब्रुवारीभोवती फिरते. डिसेंबरात झाडांची छाटणी अशा बेताने केली जाते की जानेवारीच्या अखेरीस कळ्या तोडणीला याव्यात. लांब दांड्याचा चांगला माल आधी परदेशी रवाना होतो. निर्यात उरकली की उरलेल्या मालावर पुणे, मुंबई, दिल्ली अशा शहरांची मागणी येऊन पडते, ती नेमकी तुझ्या लग्नाच्या आठवड्यात. शेतकऱ्याला वर्षाचे चार पैसे याच दिवसांत सुटतात आणि ते त्याच्या हक्काचे आहेत. पण त्या आठवड्यात गुलाबांची भिंत उभारणारे घर लग्नाचा नव्हे, व्हॅलेंटाइनचा भाव मोजत असते. ऑर्किडच्या काड्या बऱ्याचशा थायलंडहून विमानाने येतात, त्यामुळे त्या बाराही महिने महागच.

आता भिंत मोजू. कोटेशनमध्ये ती बारा फूट रुंद आणि आठ फूट उंच आहे, म्हणजे शहाण्णव चौरस फूट. मागची जाळी दिसू नये म्हणून दर तीन इंचांवर एक फूल धरले, तर एका चौरस फुटाला सोळा फुले लागतात. एकूण दीड हजारांहून जास्त. डच गुलाब बाजारात वीस नगांच्या गड्डीने विकला जातो, म्हणजे सत्त्याहत्तर गड्ड्या; प्रवासात दबलेली आणि उघडताना तुटलेली फुले वेगळीच. त्याच भिंतीचा मधला चार बाय चारचा चौक तेवढा गुलाबाचा ठेवला, तर तेरा गड्ड्यांत काम होते. उरलेल्या जागी अरेका पामची पाने, अशोकाचे डहाळे, एकरंगी कापड आणि गुलछडीच्या काड्या. मंगलाष्टकांच्या वेळी कॅमेरा तुमच्या दोघांवर असतो, आणि तुमच्या मागे येतो तो हाच मधला चौक.

असा हिशेब जमण्यासाठी बाजाराची मापे माहीत हवीत. गुलटेकडीच्या मार्केट यार्डातल्या फुलबाजाराचे भाव वर्तमानपत्रांत छापून येतात, ते महिनाभर वाचत जा. झेंडू, कापरी, शेवंती, सुटी गुलछडी किलोवर जाते. अ‍ॅस्टर जुडीवर. गुलाब आणि कार्नेशन वीस नगांच्या गड्डीने, जरबेरा दहाच्या, ग्लॅडिओ आणि लिलियमही दहा काड्यांच्या. यातून एक गोष्ट लगेच लक्षात येते: वजनावर विकले जाणारे फूल जागा भरते, नगावर विकले जाणारे फूल खिसा रिकामा करते. मोठ्या झेंडूचे एक फूल आठ-दहा ग्रॅमचे असते. किलोभर झेंडूत साधारण दहा फूट माळ ओवून होते. प्रवेशद्वाराला पाच-पाच फुटांच्या वीस माळा सोडायच्या, तर दहा किलो झेंडू लागेल. हा आकडा हाताशी असला की प्रवेशद्वाराच्या हजारोंच्या रकमेत फूल किती आणि बाकीचे किती, हे डेकोरेटरला शांतपणे विचारता येते.

कोटेशनमध्ये मात्र ही मापे नसतात. तिथे लिहिलेले असते, ‘बॅकड्रॉप, फ्रेश फ्लॉवर, प्रीमियम’. प्रीमियम म्हणजे कोणते फूल, किती गड्ड्या, त्यात खरी किती आणि कापडी-प्लास्टिकची किती, ठरलेले फूल त्या दिवशी मिळाले नाही तर बदली कोणते, हे सगळे लेखी मागून घे. चांगला डेकोरेटर यावर चिडत नाही. उलट गिऱ्हाइकाला समजते आहे हे पाहून तोच दोन स्वस्त पर्याय सुचवतो. जो मोघम बोलून वेळ मारून नेतो, त्याच्याकडे ॲडव्हान्स देऊ नये.

फुलांच्या भावाला तिथीही हलवते. तुळशीच्या लग्नानंतर मुहूर्त सुरू होतात. बहुतेक घरे पंचांगातल्या त्याच त्या तारखा धरतात, त्यामुळे एका दिवशी शहरभर लग्ने लागतात आणि दुसऱ्या दिवशी सगळे सामसूम. म्हात्रे पुलापासून राजाराम पुलापर्यंतच्या डीपी रस्त्यावर मोठ्या मुहूर्ताच्या संध्याकाळी एकदा जाऊन ये. लॉनला लॉन लागून आहे, आणि त्या सगळ्यांना त्याच पहाटेच्या बाजारातून माल हवा असतो. मार्गशीर्षातल्या गुरुवारी पुन्हा वेण्यांची आणि शेवंतीची ओढ. झेंडूची तऱ्हा तर अशी की दसऱ्याला चढलेला भाव, आवक जास्त झाली की, त्याच दुपारी कोसळतो आणि उरलेला माल शेतकरी तिथेच टाकून घरी जातो. यवत, सासवडकडच्या शेतकऱ्याने तो माल महिनोन् महिने जपलेला असतो. फेब्रुवारीत शेवंती, झेंडू, गुलछडी, अ‍ॅस्टर, ग्लॅडिओ ही फुले हाताशी असतात. मोगऱ्याचा बहर उन्हाळ्याचा, म्हणून फेब्रुवारीत तो थोडा आणि महाग. ऋतूतल्या फुलांवर बेत बसवला की निम्मी लढाई तिथेच संपते.

या शहरात फुलांच्या धंद्यातून नाव मिळालेले एक घराणे साऱ्या महाराष्ट्राला ठाऊक आहे. साताऱ्याकडच्या कटगुणचे गोऱ्हे पुण्यात आले, पेशव्यांकडे हार, गजरे, फुलांची सजावट पुरवू लागले, त्यांना पस्तीस एकर जमीन इनाम मिळाली आणि आडनावच फुले झाले. जोतीराव त्या घरचे. फुलांमागचे कष्ट त्यांना माळ्याच्या अंगणातून ठाऊक होते, आणि लग्नाच्या कर्जात बुडणारी कुटुंबेही त्यांनी पाहिली होती. २४ सप्टेंबर १८७३ रोजी त्यांनी सत्यशोधक समाज स्थापन केला आणि त्याच वर्षी २५ डिसेंबरला पुण्यात पहिले सत्यशोधक लग्न लागले. सावित्रीबाईंनी त्यात पुढाकार घेतला होता. भटजी नाही, दक्षिणा नाही; खर्च जवळजवळ पानसुपारीपुरता. पुढे नगरपालिकेचे सभासद असताना जोतीरावांनी शहरात मोठ्या खर्चाची मंडई बांधायला विरोध केला, कारण तो पैसा शिक्षणाकडे जावा असे त्यांचे म्हणणे होते. मंडई झालीच. १८८६ मध्ये रे मार्केट या नावाने ती उघडली आणि आज ती महात्मा फुले मंडई म्हणून ओळखली जाते. तुझे लग्न पानसुपारीत उरकावे असा माझा आग्रह नाही. पण फुले पुरवणाऱ्या घरातल्या माणसाला कोणता खर्च खरा आणि कोणता दिखाऊ, हे इतके स्पष्ट दिसत होते, हे लक्षात असू दे.

त्याच मंडईच्या परिसरात गजरे विणणाऱ्या बायका बसतात, तिथे थोडा वेळ उभी राहा. डाव्या हाताच्या दोन बोटांत कळ्यांची जोडी, देठ आत. उजव्या हाताने दोऱ्याचा एक फास, की लगेच उलट दिशेने दुसरी जोडी. बोटे नजरेपेक्षा जलद चालतात. बाई कळी मिटलेलीच निवडते, कारण सकाळी विणलेली मिटलेली कळी संध्याकाळी डोक्यात उमलते आणि उमललेली दुपारीच काळवंडते. गजरे ओल्या फडक्यात गुंडाळून ठेवायचे, हे ती न विचारता सांगते. तुझे आणि जावईबापूंचे हार, वेण्या, करवल्यांचे गजरे, गौरीहराची फुले, येणाऱ्या बायकांच्या हातात द्यायचा गजरा, यांत मुळीच हात आखडू नको. ही फुले अंगावर येतात, वास देतात, आजीच्या अंबाड्यात दुसऱ्या दिवशीपर्यंत राहतात. मागच्या भिंतीला कुणी हातही लावत नाही. हार थेट हारवाल्याकडे सांगावेत. बरेच डेकोरेटर तो हार त्याच्याकडूनच घेतात आणि मध्ये आपला नफा चढवतात. लांबी, फूल, लोलक आणि पोचवायची वेळ सांगून चिठ्ठी घे. गुलछडीत मधे मधे गुलाब घातलेला हार फेब्रुवारीतही परवडतो आणि मानेला जड होत नाही.

बिलात फुलांपेक्षा रात्र महाग पडते. कार्यालय अर्ध्या दिवसाच्या बोलीवर असेल, तर आधीचे कार्य उठल्यावर डेकोरेटरच्या हाती काहीच तास उरतात. मग माणसे दुप्पट, मजुरी रात्रीची, टेम्पो ऐनवेळचा. म्हणून हॉल किती वाजता रिकामा मिळतो हे सजावट ठरवायच्या आधी विचारायला हवे. काही कार्यालयांत ठरलेलाच डेकोरेटर घ्यावा लागतो, बाहेरचा आणला तर वेगळी रक्कम भरावी लागते. करारातली ती ओळ आधी वाच. सीमांतपूजन आदल्या संध्याकाळी त्याच सभागृहात असेल, तर स्टेजचा सांगाडा एकच ठेवा. रात्री शेवंतीच्या माळा आणि कापड, पहाटे फक्त मधल्या चौकात ताजी फुले. दोन वेगळे सेट म्हणजे दोनदा मजुरी.

करही पाहून घे. कोटेशनखाली बारीक अक्षरात ‘जीएसटी वेगळा’ असे लिहिले आहे. सजावटीच्या सेवेवर तो १८ टक्के आहे, म्हणजे दीड लाखावर सत्तावीस हजार. तेवढ्यात सगळ्या पाहुण्यांचे गजरे होऊन पैसे उरतील. बिलाशिवाय स्वस्तात करून देतो असे कुणी म्हटले तर हो म्हणू नये. दिलेल्या पैशाचा कागद हातात नसेल, तर लग्नाच्या सकाळी निम्मी फुले कमी आली म्हणून भांडणार कशाच्या जोरावर?

भिंत स्वस्त करायला प्लास्टिकची फुले सुचवली जातील. एकदा घेतली की वर्षभर भाड्याने फिरतात, म्हणून डेकोरेटरला परवडतात. पण त्याने मावळातल्या आणि यवतच्या शेतकऱ्याचे गिऱ्हाईक तुटते. अशा फुलांवर बंदी यावी म्हणून फूलउत्पादकांची संघटना २०२४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयात गेली. पैसे कमी पडत असतील तर फुले कमी कर, पाने आणि कापड वाढव. खोटी फुले घेऊ नको. टेबलांवर काड्या खोचायला हिरवा फोम वापरतात, तोही कुजत नाही. त्याऐवजी पितळी घंगाळात पाणी आणि वर सुटी शेवंती छान दिसते. घंगाळे आपल्याकडे माळ्यावर आहेत, ती घासून देण्याचे काम मामांनी घेतले आहे.

डेकोरेटरला भेटायला जाशील तेव्हा फोटो शेवटी दाखव. आधी रक्कम सांग, करासकट. मग हॉल मिळण्याची वेळ, मग फुलांची यादी, आणि त्यात काय बसते ते त्यालाच मांडू दे. ॲडव्हान्सची पावती, बाकी रक्कम फुले मोजून घेतल्यावर. पहाटे माल उतरेल तेव्हा गड्ड्या मोजायला घरचे एक माणूस उभे करायचे, ते तुझे बाबा नकोत, त्यांना त्या दिवशी शंभर कामे असतील. थोरल्या दादाला सांगून ठेव, तो लवकर उठतो.

सुधारलेले कोटेशन आले की पाठव. मार्केट यार्डाला जायचे ठरलेच, तर पहाटे लवकर निघू, गर्दी वाढायच्या आत.

तुझी,
मावशी