व्हायचं होतं जनावरांची डॉक्टर

तायांनो, २८६ दिवस अंतराळात राहून मार्च २०२५ मध्ये परतलेल्या सुनीता विल्यम्स तुम्ही टीव्हीवर पाहिल्या असतील. हा पाठ त्यांच्या आधीच्या आयुष्याचा. बैठकीत एकीने मोठ्याने वाचावा.

सुनीताताईंचे वडील गुजरातमधल्या झुलासणचे. त्या स्वतः जन्मल्या, वाढल्या अमेरिकेत. लहानपणापासून शर्यतीत पोहायच्या. व्हायचं होतं जनावरांची डॉक्टर! पण हव्या त्या कॉलेजात जमलं नाही. भाऊ नौदलाच्या अकादमीत होता, तिथंच गेल्या. १९८७ ला पदवी मिळाली. पाण्याखाली काम करणारी पाणबुडी व्हायचं म्हटलं, तेही हुकलं. वैमानिक झाल्या. जेट हवं होतं, मिळालं हेलिकॉप्टर. १९९३ पर्यंत अमेरिकेतही बायकांना लढाऊ विमानांवर घेत नव्हते, बरं का!

पण हेलिकॉप्टरचं काम कमी समजू नका. १९९२ मध्ये फ्लोरिडात अँड्र्यू चक्रीवादळ आलं, तेव्हा मदतीला गेलेल्या हेलिकॉप्टर तुकडीच्या प्रमुख त्याच होत्या. पुढे विमानांची चाचणी घेणाऱ्या वैमानिक झाल्या. तीसहून जास्त प्रकारची विमानं त्यांनी चालवली. १९९८ ला नासाने निवडलं.

पोहणं मात्र सुटलं नाही. २०१२ मध्ये अंतराळ स्थानकात असताना त्यांनी पोहणं, सायकल आणि धावणं अशी तिहेरी शर्यत केली. तिथं तळं कुठलं? व्यायामाच्या यंत्रावर जोर लावून पोहण्याचे हात मारले. धावताना तरंगू नये म्हणून स्वतःला पट्ट्यांनी बांधून घेतलं. १ तास ४८ मिनिटांत शर्यत पुरी!