लिलाव २२ ऑगस्टला

चि. मुक्ता,


तुझं पत्र मिळालं. चेखवचं ‘द चेरी ऑर्चर्ड’ दोनदा वाचूनही त्यात काही घडतच नाही असं वाटलं, नावं डोक्यात राहत नाहीत, आणि रशियन येत नसताना ही नाटकं इंग्रजीतून वाचण्यात अर्थ आहे का, असं तू विचारलंस. अर्थ आहे. बेधडक वाच. फक्त कादंबरी वाचतेस तशी वाचू नकोस. कादंबरीकार आपल्या सोबत चालतो. नाटककार पात्रांना बोलतं करून बाजूला होतो, आणि चेखव तर फारच बाजूला होतो. त्याची माणसं मनातलं क्वचितच बोलतात. त्यांच्या संवादांतच सगळा अर्थ शोधत बसलीस, म्हणून हाती काही लागलं नाही.

आता एक कर. वही घे आणि पैसे मांड. पहिल्याच अंकात व्यापारी लोपाखिन सांगतो की कर्जात बुडालेल्या चेरीच्या बागेचा लिलाव २२ ऑगस्टला आहे. तोडगाही तोच सुचवतो: बाग तोडा, जमिनीचे तुकडे पाडा, उन्हाळ्यात राहायला येणाऱ्यांना भाड्याने द्या, वर्षाला निदान २५,००० रूबल सुटतील. बागेची मालकीण रानेव्हस्काया आणि तिचा भाऊ गायेव यांना ते ऐकवतही नाही. यारोस्लाव्हलच्या श्रीमंत नातेवाईक बाई पाठवतात १५,०००, जे थकलेल्या व्याजालाही पुरत नाहीत. लिलावात पहिलीच बोली कर्जाच्या वर ३०,०००ची लागते आणि गायेव तिथेच संपतो. लोपाखिन कर्जाच्या वर ९०,००० चढवून बाग घेतो. आणि शेवटच्या अंकात रानेव्हस्काया त्याच १५,०००वर पॅरिसला निघते! जे पैसे घर वाचवायला आले, ते घर सोडून जायला उपयोगी पडले. ही बाई उदार आहे, प्रेमळ आहे आणि सगळ्यांना घेऊन बुडणारी आहे, हे कुठल्याही भाषणापेक्षा या हिशेबातून जास्त कळतं. कॉन्स्टन्स गार्नेटबाईंचा जुना इंग्रजी अनुवाद घे की कालपरवाचा घे, हे आकडे तेच असतात.

आकड्यांच्या मागचा इतिहासही माहीत असू दे. रशियात भूदासांची मुक्तता झाली १८६१ साली. लोपाखिनचे वडील आणि आजोबा याच जमिनीवरचे भूदास. त्यांना स्वयंपाकघरातही पाऊल टाकता येत नव्हतं. ८७ वर्षांचा म्हातारा नोकर फिर्स त्या मुक्ततेला संकट म्हणतो. हे ठाऊक असलं की बाग विकत घेतल्यावर लोपाखिन जे नाचतो-रडतो, ते एका धनिकाची बढाई राहत नाही. मला तर त्या प्रसंगी त्याचा राग कधीच आला नाही.

नंतर पाहा, माणसं बोलत असताना हात काय करतात. चौथ्या अंकात लोपाखिन रानेव्हस्कायाच्या दत्तक मुलीला, वार्याला, लग्नाचं विचारणार, असं घरातल्या सगळ्यांनी ठरवलेलं आहे. दोघांना खोलीत एकटं सोडतात. वार्या आत येते आणि सामानात काहीतरी शोधू लागते. शोधायचं काहीच नाही. तो तिला विचारतो, आता कुठे जाणार. ती सांगते, एका घरी काम धरलं आहे. मग हवेचा विषय निघतो: उणे तीन अंश आहे, आपला थर्मामीटर तुटला आहे. बाहेरून कुणी लोपाखिनला हाक मारतं आणि तो जणू त्या हाकेचीच वाट पाहत होता असा निघून जातो. वार्या खाली बसते आणि रडते. दोन आयुष्यांचा निकाल एका थर्मामीटरवर लागला. कागदावर हा प्रसंग एका पानाचा आहे. तू तो मिनिटभरात वाचून पुढे गेली असणार. उभी राहून, हातात एखादी पिशवी घेऊन, मधल्या शांततांसह तो करून बघ. तिसऱ्या अंकात लिलावाहून परतलेला गायेवही असाच पाहा: घर गेलं आहे, डोळे भरलेले आहेत आणि हातात मासळीची पुडकी आहेत. शेजारच्या खोलीतून बिलियर्डचा आवाज येतो आणि त्याचं रडणं थांबतं. इथे हसू आलं तर दाबू नकोस. चेखवने या नाटकाला कॉमेडी म्हटलं होतं. दिग्दर्शक स्तानिस्लाव्हस्कीला त्यात शोकांतिका दिसली, आणि मॉस्को आर्ट थिएटरने १९०४च्या जानेवारीत ते नाटक तसंच केलं. चेखव त्यावर नाराज होता. त्याच वर्षी जुलैमध्ये तो गेला. हे भांडण अजून मिटलेलं नाही, आणि तुझं मत वाचून नाही, करून ठरेल.

‘थ्री सिस्टर्स’ वाचशील तेव्हा फक्त खोल्यांचा नकाशा काढ. पहिल्या दोन अंकांत बहिणींच्या घराचा दिवाणखाना. तिसऱ्यात ओल्गा आणि इरिना एकाच खोलीत, कारण भावजय नताशाने इरिनाची खोली आपल्या बाळासाठी घेतली आहे. चौथ्यात सगळं घराबाहेर, बागेत. भाऊ जुगारात हरून घर गहाण टाकतो. बहिणींना कुणी ‘बाहेर हो’ म्हणत नाही, तरी चार अंकांत तीन बहिणी घरातून बाहेर ढकलल्या जातात. ‘अंकल वान्या’चा शेवटही हिशेबाच्या वह्यांवरच होतो, तो तू स्वतः शोध.

आता अनुवाद कुठला घ्यायचा. कॉन्स्टन्स गार्नेटने इंग्रजी वाचकाला रशियन साहित्याचं दार उघडून दिलं. तिचं ऋण मोठं आहे, पण तिच्या संवादांना आता जुना वास येतो आणि ते तोंडात बसत नाहीत. मायकेल फ्रेन घे. त्याला रशियन येतं आणि तो स्वतः नाटककार आहे. त्याचं वाक्य नटाच्या श्वासावर मापलेलं असतं. सोबत लॉरेन्स सेनेलिकचा चेखवच्या सगळ्या नाटकांचा ग्रंथ ग्रंथालयातून आण, कारण रूबल, हुद्दे, सणवार यांच्या टिपा त्यात आहेत. नामवंत नाटककाराच्या नावाने ‘व्हर्जन’ म्हणून जे छापलेलं असतं, ते मात्र नंतर वाच. त्यातल्या अनेकांना रशियन येत नसतं. दुसऱ्या कुणी केलेला शब्दशः मसुदा समोर ठेवून ते लिहितात. ही व्हर्जन्स वाईट असतात असं नाही. ब्रायन फ्रीलने १९८१ साली ‘थ्री सिस्टर्स’ आयरिश वळणाच्या इंग्रजीत आणलं, कारण आयरिश नटांनी चेखव करताना लंडनचा उच्चार का उसना घ्यावा, हा त्याचा प्रश्न होता. तो प्रश्न तू स्वतःलाही विचार. ही माणसं लंडनची नाहीत. इंग्रजीत वाच आणि मनात त्यांना मराठीत बोलू दे.

त्याचा एक मोठा फायदा आहे. रशियनमध्ये आपल्यासारखंच एकेरी आणि आदरार्थी बोलणं वेगळं असतं. इंग्रजीत तो भेद पुसला जातो. ‘थ्री सिस्टर्स’च्या तिसऱ्या अंकात नताशा ८० वर्षांच्या दाई अनफिसाला माझ्यासमोर बसायचं नाही म्हणून उठवते, तेव्हा ती एकेरीत बोलते. तुझ्या कानाला तो अपमान लगेच कळेल, लंडनच्या वाचकाला तो कल्पावा लागतो. नावांचंही तसंच. आपल्याकडे वडिलांचं नाव मधे असतं, त्यांच्याकडेही असतं, आणि आदराने हाक मारायची तर नाव आणि वडिलांचं नाव मिळून मारतात. ल्युबोव आंद्रेयेव्हना म्हणजेच रानेव्हस्काया, लिओनिद आंद्रेयेविच म्हणजेच गायेव. दोघं आंद्रेईची मुलं, म्हणजे बहीणभाऊ. पात्रयादी एका चिठ्ठीवर उतरून पुस्तकात खूण म्हणून ठेव, घोळ संपेल.

चेखवनंतर मागे जा. गोगोलचं १८३६चं ‘द गव्हर्नमेंट इन्स्पेक्टर’ आधी इंग्रजीत वाच, मग पु.लं.नी त्यावरून केलेलं ‘अंमलदार’. न्यायाधीश किती देतो, पोस्टमास्तर किती देतो, ते तिथेही लिहून काढ. मग ओस्त्रोव्हस्कीचं ‘द स्टॉर्म’, मग गॉर्कीचं ‘द लोअर डेप्थ्स’. ग्रिबोयेदोव्ह सध्या बाजूला राहू दे. त्याचं नाटक यमकबद्ध पद्यात आहे आणि इंग्रजीत त्याची चमक टिकलेली मी तरी पाहिली नाही.

एकटी वाचू नकोस. वर्गातली चार-पाच मुलं जमव, भूमिका वाटून घ्या, रंगसूचनाही एकाने मोठ्याने वाचायच्या. ‘थ्री सिस्टर्स’चा तिसरा अंक आधी घ्या आणि नताशा कोण करणार ते मला कळव. ती गोड बोलणाऱ्या मुलीला द्या.

तुझी,
आत्या