वाटेच्या कडेचीं बुटकीं झाडें

पुष्कळ बागाइतदारांच्या घरापुढें वाफे नेटके असतात, वाटहि सरळ असते. परंतु दोहोंमधील कड उघडी राहते. तिरप्या विटा पुरल्या कीं काम झालें, अशी समजूत आहे. विटांनीं माती अडते हें खरें. पण त्या उन्हानें तापतात, आणि ती रेषा डोळ्यांस रुक्ष वाटते ती निराळीच. तीच कड बुटक्या झाडांनीं झांकली असतां मुळें माती धरतात, पावसाचा मार पानांवर पडतो व वाटेवर चिखल कमी येतो.

येथें मुख्य प्रश्न अंतराचा आहे. रोप चिमुकलें दिसतें म्हणून लोक तें अगदीं कडेला लावतात आणि वर्षभरांत वाट निम्मी होते. झाडाचा पूर्ण विस्तार १२ इंच होणार असेल, तर बुंधा कडेपासून ४ इंच आंत घ्यावा. म्हणजे पालवी २ इंचच वाटेवर झुकेल. विहिरीवरून घागर घेऊन येणाऱ्या बाईस पाय कोठें पडतो तें दिसलें पाहिजे. वाट ४ फुटांहून अरुंद नसावी, असें आमचें मत आहे.

आमची पहिली पसंती पावसाळी लिलीस. कांदे ४-४ इंचांवर लावावे. दाटी झाली कीं उपटून विरळ करावे. पानांचा ओवा फांदी खोंचली तरी जगतो, शिवाय भज्यांस पानें मिळतात. मात्र पाणी सांचणाऱ्या काळ्या जमिनींत तो कुजतो, तेथें वरंबा उंच करावा. चिनी गुलाब भर उन्हांतच लावावा. सांवलींत फुलें उमलत नाहींत. शेळ्यांचा वावर असेल तेथें सदाफुली बरी. ती विषारी असल्यानें जनावरें सहसा तोंड लावीत नाहींत. गवती चहाची पात धारदार, म्हणून त्याची जागा बांधावर.

रोपवाटिकेंत पिवळ्या फुलांचा वेडेलिया मिळतो. तो झपाट्यानें पसरतो, हाच त्याचा दोष. पेरापेराशीं मुळें फुटतात आणि पाटाकडेचे तुकडे वाहत जाऊन पिकांत रुजतात. जगांतील शंभर अत्यंत उपद्रवी परकी जीवांच्या यादींत घाणेरीबरोबर त्याचेंहि नांव आहे. तो लावूं नये.

लागवड जूनअखेर करावी. पहिला महिनाभर तण हातानेंच काढावें. खुरप्यानें नव्या मुळांस धक्का बसतो.