लहान गावाचा आवाज

रेडिओची खुंटी हलकेच फिरवावी, क्षणभर खरखर ऐकू यावी आणि एकाएकी एखादा स्वच्छ, ओळखीचा आवाज घरात यावा, हा अनुभव आपल्याकडील कित्येक घरांनी पिढ्यान्‌पिढ्या घेतला आहे. मुंबईचे नभोवाणी केंद्र २३ जुलै १९२७ रोजी सुरू झाले. पुढे बातम्या, शेतकऱ्यांसाठी सल्ला, कीर्तने, नाटके आणि गाणी यांनी रेडिओ हा घरातलाच एक माणूस होऊन बसला. 'आपली आवड' या कार्यक्रमात आपण पत्राने कळविलेले गाणे लागावे व त्याबरोबर आपले आणि आपल्या गावाचे नाव घेतले जावे, म्हणून माणसे कान देऊन बसत. गाणे तर सर्वांचेच असे. पण गावाचे नाव उच्चारले गेले की ते आपले होई.

आवाजाविषयीच्या अशाच आपलेपणाची एक हकीकत आज आपण वाचणार आहोत. ती घडली मात्र फार दूर, अमेरिकेतील ओहायो राज्यात, ऑक्सफर्ड नावाच्या एका लहान गावी.

इंग्लंडातील जगप्रसिद्ध ऑक्सफर्ड निराळे आणि हे ऑक्सफर्ड निराळे. सिनसिनाटी या मोठ्या शहराच्या वायव्येस सुमारे ५५ किलोमीटरवर, शेतांच्या परिसरात हे गाव वसले आहे. १८०९ साली स्थापन झालेले मायामी विद्यापीठ हे या गावाचे भूषण. विद्यापीठाचे हे नाव तेथील मूळ रहिवासी असलेल्या मायामी जमातीवरून पडले आहे. गावची वस्ती जेमतेम वीस-बावीस हजार. त्यातही बहुसंख्य विद्यार्थीच. तुमच्या हातात आज जसे हे पाठ्यपुस्तक आहे, तशाच एका वाचनमालेशी या गावाचे नाव पूर्वीच जोडले गेले होते. येथील प्राध्यापक विल्यम मॅकगफी यांनी मुलांसाठी तयार केलेली क्रमिक पुस्तके १८३६ पासून प्रसिद्ध होऊ लागली आणि अमेरिकेतील मुलांच्या कित्येक पिढ्या ती वाचूनच साक्षर झाल्या. लहान गावातून निघालेली गोष्ट दूरवर पोहोचू शकते, याचा हा पहिला दाखला.

दुसरा दाखला म्हणजे येथील रेडिओ केंद्र. ते १९५९ साली सुरू झाले. अमेरिकेत प्रत्येक ध्वनिक्षेपण केंद्राला अक्षरांचे एक नाव दिलेले असते. मिसिसिपी नदीच्या पूर्वेकडील केंद्रांचे नाव बहुधा 'डब्ल्यू' या अक्षराने आणि पश्चिमेकडील केंद्रांचे 'के' या अक्षराने सुरू होते. त्याप्रमाणे हे केंद्र प्रथम 'डब्ल्यू-ओ-एक्स-आर' या नावाने व पुढे 'डब्ल्यू-ओ-एक्स-वाय' या नावाने ओळखले जाऊ लागले. केंद्राची कंपनसंख्या होती ९७.७ मेगाहर्ट्झ, म्हणजे त्याच्या विद्युत्‌लहरी सेकंदास ९ कोटी ७७ लाख वेळा कंप पावत. म्हणून श्रोत्यांनी लाडाने त्याला 'नाइन्टी सेव्हन एक्स' म्हणावयास सुरुवात केली.

केंद्राची शक्ती मात्र बेताचीच होती : अवघी ३००० वॉट. पाणी तापविण्याच्या दोन विजेच्या बंबांना जेवढी वीज लागते, जवळजवळ तेवढीच! शिवाय या प्रकारच्या लहरी बहुतांशी सरळ रेषेत जातात. पृथ्वीच्या गोलाईमुळे काही अंतरानंतर जमिनीवरचा रेडिओ त्यांच्या वाटेतून सुटतो. म्हणून उंच मनोऱ्यावरून प्रक्षेपण केले, तरी असे केंद्र फार तर काही दशक किलोमीटरपर्यंत नीट ऐकू येते. सिनसिनाटीच्या काही भागांत हे केंद्र ऐकण्यासाठी श्रोत्यांना मोठा खटाटोप करावा लागे.

या केंद्रावर काय ऐकावयास मिळे, हे समजण्यासाठी रॉक संगीताची थोडी ओळख करून घेतली पाहिजे. अमेरिकेतील कृष्णवर्णीय गायक-वादकांचे दुःखाने आणि ठेक्याने भारलेले संगीत व ग्रामीण गोऱ्या लोकांची गाणी यांच्या संगमातून, दुसऱ्या महायुद्धानंतरच्या काळात हा प्रकार उदयास आला. विजेवर चालणारी गिटार, ढोलांचा संच आणि मोकळ्या गळ्याने गायिलेले शब्द ही त्याची ओळख. 'रॉक अँड रोल' हे शब्द लोकांच्या तोंडी रुळविण्यात ॲलन फ्रीड या निवेदकाचा वाटा मोठा होता. १९५१ पासून तो ओहायो राज्यातीलच क्लीव्हलंड शहराच्या रेडिओवरून कृष्णवर्णीय कलावंतांच्या ध्वनिमुद्रिका वाजवीत असे. म्हणजे रेडिओ आणि रॉक यांची मैत्री या राज्याला नवी नव्हती.

१९८१ साली डग आणि लिंडा बलोग या पतिपत्नींनी हे केंद्र विकत घेतले. रेडिओ केंद्र हा एक व्यवसाय असतो. कार्यक्रम श्रोत्यांना फुकट मिळतात. खर्च भागतो तो जाहिरातींच्या उत्पन्नावर. म्हणून बहुतेक केंद्रचालक जोखीम टाळतात. जे गाणे आधीच लोकप्रिय झाले आहे, तेच पुन्हा पुन्हा वाजविणे त्यांना सोयीचे वाटते. आसपासच्या मोठ्या शहरांतील बलवान केंद्रे हेच करीत होती. त्यांच्याशी त्याच मार्गाने स्पर्धा करणे ३००० वॉटच्या केंद्राला शक्य नव्हते.

तेव्हा १९८३ साली या केंद्राने निराळी वाट धरली. त्या सुमारास इंग्लंड, आयर्लंड आणि अमेरिकेतील विद्यापीठांची गावे येथून नव्या दमाचे वादकगट पुढे येत होते. आयर्लंडचा 'यू टू', जॉर्जिया राज्यातील अथेन्स या विद्यापीठनगरीचा 'आर. ई. एम.' ही त्यांतली काही नावे. आज ती जगभर ठाऊक आहेत. पण त्या वेळी मोठ्या केंद्रांचे दरवाजे अशा नव्या संगीताला सहसा उघडत नसत. ऑक्सफर्डच्या केंद्राने ते उघडले. 'रॉक संगीताचे भवितव्य' अशा अर्थाचे घोषवाक्यही त्याने स्वीकारले. नवे, अपरिचित, परंतु गुणवान असे संगीत शोधावे आणि ते श्रोत्यांपुढे विश्वासाने ठेवावे, हे या केंद्राचे ब्रीद झाले.

हे काम दिसते तितके सोपे नाही. केंद्राकडे ध्वनिमुद्रिकांचे गठ्ठे येतात. त्या लक्षपूर्वक ऐकावयाच्या, निवड करावयाची, ओळखीच्या दोन गाण्यांमध्ये एक अनोळखी गाणे असे बसवावयाचे की ऐकणाऱ्याचा हात खुंटीकडे जाऊ नये! त्यासाठी निवेदकाला चोखंदळ कान हवा आणि ऐकणाऱ्याविषयी आदर हवा. 'लोकांना हे कळणार नाही' असे म्हणणारा निवेदक स्वतःचे काम सोपे करतो; 'लोकांना हे आवडू शकेल' असे मानणारा निवेदक श्रोत्यांना मोठे करतो.

केंद्राचा सर्वांत गाजलेला कार्यक्रम मे महिन्याच्या अखेरीस असे. त्या महिन्याच्या शेवटच्या सोमवारी अमेरिकेत युद्धात कामी आलेल्या सैनिकांचा स्मृतिदिन पाळतात. त्याला जोडून येणाऱ्या सुट्टीत हे केंद्र 'मॉडर्न रॉक ५००' या नावाने पाचशे गाण्यांची क्रमवार माळ सादर करी. एक गाणे चार मिनिटांचे धरले, तरी नुसत्या गाण्यांनाच तेहतीस तासांहून अधिक वेळ लागणार, हा हिशेब तुम्हीच करून पाहा. पहिल्या क्रमांकावर कोणते गाणे येणार, यावर मित्रामित्रांत वादही रंगत.

या लहान केंद्राची कीर्ती एके दिवशी चित्रपटाच्या पडद्यावर झळकली. १९८८ साली 'रेन मॅन' हा चित्रपट प्रदर्शित झाला. त्यात डस्टिन हॉफमन या नटाने असामान्य स्मरणशक्तीच्या रेमंड नावाच्या माणसाचे काम केले आहे. प्रवासात कानांवर पडलेले या केंद्राचे घोषवाक्य रेमंड पुन्हा पुन्हा, जसेच्या तसे उच्चारतो. ज्यांनी ऑक्सफर्डचे नावही ऐकले नव्हते, अशा देशोदेशींच्या प्रेक्षकांच्या कानी ते वाक्य गेले.

परंतु कीर्ती निराळी आणि चरितार्थ निराळा. १९९६ साली अमेरिकेत दळणवळणाचा नवा कायदा झाला. एका कंपनीने देशभरात किती रेडिओ केंद्रे बाळगावीत यावरची मर्यादा त्याने काढून टाकली. थोड्याच वर्षांत मोठमोठ्या कंपन्यांनी शेकडो केंद्रे विकत घेतली. एका गावचा कार्यक्रम दुसऱ्या गावच्या कार्यक्रमासारखाच ऐकू येऊ लागला. त्याच वेळी लहरींच्या पट्ट्यांचे मोलही वाढले. लहरींचा पट्टा जमिनीसारखा असतो. तो वाढविता येत नाही. गावाबाहेरच्या माळरानापर्यंत शहर येऊन भिडले की त्या माळाचे मोल जसे वाढते, तसेच सिनसिनाटीजवळच्या या कंपनसंख्येचे झाले.

२००४ साली बलोग दांपत्याने केंद्राचा परवाना ५६ लाख डॉलरांना विकावयाचे ठरविले. वीस वर्षांहून अधिक काळ ज्यांनी केंद्र चालविले, त्यांना दोष देणे न्यायाचे होणार नाही. आयुष्यभर मोठ्यांशी झुंजत राहण्यालाही सीमा असते. मे २००४ मध्ये ९७.७ वरील तो परिचित आवाज थांबला. ती कंपनसंख्या पुढे सिनसिनाटीच्या जवळच्या मेसन या गावी गेली.

येथेच गोष्ट संपली असती, तर ती एका दुकानाच्या विक्रीची गोष्ट झाली असती. पण केंद्राने काही वर्षांपूर्वीपासूनच इंटरनेटवरून आपले कार्यक्रम ऐकविण्यास आरंभ केला होता. ऑक्सफर्डच्या मनोऱ्याच्या टप्प्याबाहेर, दूरदूरच्या देशांतही त्याला श्रोते मिळाले होते. काही हितचिंतक भांडवल घेऊन पुढे आले आणि जुलै २००४ मध्ये, मनोरा नसलेले तेच केंद्र इंटरनेटवर पुन्हा बोलू लागले. वादकगटांना आपल्या ध्वनिकक्षात बोलावून तेथेच त्यांचे गायन-वादन ऐकविण्याचा उपक्रमही त्याने रंगविला.

मात्र या नव्या वाटेवर एक अडचण होती. मनोऱ्यावरून प्रक्षेपण केले की एक माणूस ऐको वा एक लाख, प्रक्षेपणाचा खर्च तोच. इंटरनेटवर मात्र श्रोता वाढला की खर्चही वाढतो आणि गाण्यांच्या हक्कदारांना द्यावयाची रक्कमही श्रोत्यांच्या संख्येबरोबर चढते. म्हणजे जितके लोक प्रेम करतील, तितके देणे मोठे! श्रोत्यांनी वर्गणी द्यावी, असाही प्रयत्न झाला. पण जमा आणि खर्च यांची तोंडमिळवणी झाली नाही. २००६ साली केंद्र बंद पडले व नव्या आश्रयदात्याच्या साहाय्याने पुन्हा उभे राहिले. २००९ साली ते टेक्सास राज्यातील ऑस्टिन शहरी हलले. अखेरीस मार्च २०१० मध्ये ते कायमचे शांत झाले.

मग या धडपडीचे फलित काय? केंद्र तर उरले नाही, असे कोणी म्हणेल. परंतु २०२३ साली रॉबिन जेम्स या अभ्यासक लेखिकेने या केंद्राच्या स्वातंत्र्याच्या झगड्यावर एक संपूर्ण पुस्तक लिहून प्रसिद्ध केले. बंद पडलेल्या किती दुकानांवर पुस्तके लिहिली जातात? ज्या नव्या गायकांना इतरत्र जागा नव्हती, त्यांना या केंद्राने जागा दिली; आणि लहान गावातल्या मुलामुलींना, जगात काय नवे घडते आहे ते ऐकण्याची खिडकी दिली.

कोणताही चांगला उपक्रम केवळ प्रेमावर तग धरीत नाही. त्याला हिशेबाची आणि पाठबळाची जोड लागते, हे या हकीकतीतून आपण ध्यानी घेतले पाहिजे. पण नुसत्या हिशेबावर उभे राहिलेले काम बंद पडले, तर त्याची आठवण कोण काढतो? तुमच्या गावातही एखादे वाचनालय असेल, भजनी मंडळ असेल, एखादी हौशी नाटकमंडळी असेल. ते चालू आहे तोवर आपण त्याकडे सहज पाहून पुढे जातो. पुढच्या वेळी मात्र क्षणभर थांबा, आत जा, आणि ते कोण व कसे चालवितो, याची आपुलकीने चौकशी करा.

स्वाध्याय

१. ऑक्सफर्डच्या रेडिओ केंद्राचा आवाज फार दूर का पोहोचत नसे?
२. मोठ्या शहरांतील केंद्रे व ऑक्सफर्डचे केंद्र यांच्या गाण्यांच्या निवडीत कोणता फरक होता? त्याची कारणे सांगा.
३. 'लहरींचा पट्टा जमिनीसारखा असतो,' असे लेखकाने का म्हटले आहे?
४. 'म्हणजे जितके लोक प्रेम करतील, तितके देणे मोठे!' या वाक्याचा अर्थ पाठाच्या आधारे स्पष्ट करा.
५. बलोग दांपत्याने केंद्र विकले, हे तुम्हांला योग्य वाटते काय? दोन्ही बाजू मांडून आपले मत दहा ओळींत लिहा.
६. आपल्या गावातील एखाद्या वाचनालयास अथवा मंडळास भेट द्या आणि त्याचा खर्च कसा भागतो याची माहिती मिळवून लिहा.