कुलूप लागलेल्या घरातली सदस्य



या महिन्याचा पाठ बैठकीत मोठ्यानं वाचा. जवळ थोडी रांगोळी, मूठभर चिंचोके आणि खडे ठेवा.

आधी आपला तालुका पाहू. जिंतूर म्हटलं की तहसील, बाजार समिती, बसस्थानक आणि नेमगिरीच्या डोंगरातली जैन लेणी आठवतात. खेड्यात गेलं की गावठाण, मोहल्ला, बौद्ध वस्ती आणि जरा लांब बंजारा तांडा. वस्त्या वेगळ्या, पण पोट सगळ्यांचं शेतीवरच. सोयाबीन, कापूस, तूर, ज्वारी. कुणाचं स्वतःचं वावर, कुणाची मजुरी.

पूर्णा नदीवरचं येलदरी धरण आपल्याच तालुक्यात आहे. पण प्रकल्पाचे कालवे निघतात खालच्या सिद्धेश्वर धरणापासून. वरच्या माळावरची शेती पावसावरच राहिली. म्हणून सोयाबीन निघालं, दिवाळी झाली की कितीतरी घरं कोयता घेऊन ऊसतोडीला जातात. परततात ती थेट उन्हाळ्यात.

मागच्या हिवाळ्यात एका तांड्यावर मी गटाची वही बघत होते. चार नावांपुढं सलग गैरहजर, मग दंड, मग ‘नाव कमी केले’. अध्यक्षताई म्हणाल्या, "नियम सगळ्यांना सारखाच ना, मॅडम?" मलाही ते पटलं. नियमित बैठक, नियमित बचत हे मीच तर शिकवलं होतं. बाजूला बसलेली एक आजी बोलली, "त्या काय गावाला हिंडायला गेल्यात का?" मी गप्प झाले. चूक माझ्या शिकवण्यात होती.

आता विचार करा. नाव कमी झालं की गटाचं कर्ज बंद. घरात आजारपण आलं की मग मुकादमाकडून उचल. उचल फिटेपर्यंत पुढच्या वर्षीही कोयता सुटत नाही. म्हणजे जिला गटाची सगळ्यात जास्त गरज, तिलाच आपण बाहेर काढतो.

आता हे करा

1. अंगणात रांगोळीनं गावाचा नकाशा काढा. एकही वस्ती सोडू नका.
2. घरातली बाई गटात असेल तर चिंचोका ठेवा, नसेल तर खडा. हंगामात कुलूप लागणाऱ्या घरावर झाडाचं पानही ठेवा.
3. खडे आणि पानं कोणत्या वस्तीत जास्त पडली, ते सगळ्यांनी बघा. कारण त्याच वस्तीतल्या बाईला सांगू द्या, दुसरीनं तिच्यासाठी बोलू नये.

दसऱ्याआधी गटात ठराव घ्या

- ऊसतोडीला गेलेल्या सदस्याला दंड नाही, तिचं नाव कमी होणार नाही.
- बचत जाण्याआधी आगाऊ द्यायची की परतल्यावर एकदम, ते तिच्याशी बोलून ठरवा.
- कर्जाचे हप्ते कोणत्या महिन्यापासून सुरू होणार आणि मधल्या काळाच्या व्याजाचं काय, हे वहीत स्पष्ट लिहा. तोंडी ठेवलं तर पुढं भांडण होतं.
- बैठकीच्या दिवशी एकीनं तिला फोन लावायचा.

काही जणी म्हणतील, हजेरी कमी दिसली तर बँक कर्ज देणार नाही. ही काळजी खरी आहे. म्हणूनच ठराव लेखी हवा, सगळ्यांच्या सह्या-अंगठ्यांसह. त्याची प्रत ग्रामसंघाला द्या आणि बँकेत जाताना सोबत न्या.

ग्रामसंघानंही दोन कामं करावीत. जाणाऱ्या कुटुंबांची ऊसतोड कामगार म्हणून नोंद झाली का, हे ग्रामपंचायतीत विचारावं. आणि लेकरांची शाळा सुटू नये म्हणून हंगामी वसतिगृहाची मागणी मुख्याध्यापकांकडं वेळेत करावी.

त्या तांड्यावरच्या चौघी परतल्यावर आम्ही त्यांच्या घरी गेलो. तिघी पुन्हा गटात आल्या. चौथी म्हणाली, "विचार करून सांगते." तिच्याकडं मी पुन्हा जाणार आहे.

तुमच्या वहीत अशी किती नावं कमी झालीत? पुढच्या बैठकीत मोजा, आणि मी आले की मला सांगा.

तुमची क्षेत्र समन्वयक