खोट्या चित्राने खरी तक्रार बुडते

आम्ही काशीतले मराठी. जानेवारी २०२६ मध्ये मणिकर्णिका घाटावर पुनर्विकासासाठी तोडकाम झालं, त्यात अहिल्याबाईंच्या मूर्तींना इजा झाल्याचा आरोप झाला आणि नातेवाइकांचे फोन सुरू झाले. पुण्याच्या मावसबहिणीने एक चित्र धाडलं. ‘दादा, अहिल्याबाई घाट पाडला का रे?’

ते चित्र घेऊन मी घाटावरच गेलो. घाट जागेवर होता, वरचा वाडाही. काम चाललं होतं ते दशाश्वमेधाच्या पलीकडे, मणिकर्णिकेला. चित्र मोठं करून पाहिलं. भिंतीवरची पाटी लांबून देवनागरी वाटे, पण एक अक्षर लागेल तर शपथ! ढिगाऱ्यावर उभ्या माणसाचा पाय गुडघ्याखाली दगडातच विरला होता.

माझा जीव तळमळला तो पुढच्या प्रकाराने. मणिकर्णिकेचा ढिगारा खरा होता. पण प्रशासनाने अवशेष सुरक्षित असल्याचं सांगितलं, काही दृश्यं एआयने बनवल्याचं म्हटलं, ती पसरवल्याबद्दल पोलिसांनी गुन्हे नोंदवले आणि सगळी चर्चा चित्रांवरच गेली. मूर्ती हलवताना काळजी घेतली का, आधी कुणाला विचारलं का, हे मागेच पडलं. विश्वनाथाचं मंदिर पुन्हा उभारणाऱ्या अहिल्याबाईंच्या बाबतीत हे व्हावं, हे मला सोसवत नाही.

म्हणून कळकळीने सांगतो, कितीही संताप आला तरी असं चित्र पुढे धाडू नका. ‘खरं आहे का?’ एवढं विचारायलासुद्धा ग्रुपवर टाकू नका. तिथे राहणाऱ्या एखाद्याला एकट्याला विचारा. कुणी काढलं, केव्हा, कुठून? मात्र कुणी ‘हे एआयचं’ म्हटलं की तेही लगेच मानू नका. त्याच जागेचं दुसऱ्या बाजूने घेतलेलं चित्रण शोधा. स्वतः काही टिपलं असेल तर मूळ फाईल फोनमध्ये जपा. व्हॉट्सअॅपवर फिरलेल्या फोटोतून वेळ-ठिकाणाची माहिती सहसा गळून जाते.

अशी बनवाबनवी माणसांच्या चेहऱ्यांचीही होते. जानेवारी २०२४ मध्ये सचिन तेंडुलकरांचा चेहरा आणि आवाज वापरून एका गेमिंग अॅपची बनावट जाहिरात फिरली, त्यांना स्वतः खुलासा करावा लागला. तुमच्या-आमच्या घरात असं घडलं तर लिंक आणि स्क्रीनशॉट आधी जपा. पैसे गेले असतील तर तत्काळ १९३० ला फोन लावा. बाईची विटंबना करणारं चित्र असेल तर राष्ट्रीय सायबर गुन्हे पोर्टलवर नाव न देताही तक्रार करता येते. आणि घरातल्या मुलीला ‘तू फोटो टाकलासच का?’ असं विचारू नका.